पाचवे कारण

सत्काराच्या व्यासपीठावर एक वाक्य हमखास ऐकू येते: अंगात जिद्द असली की अशक्य असे काही नाही. दत्तू भोकनळ यांच्याबद्दल बोलताना तर ते चटकन ओठांवर येते, कारण त्यांची कहाणीच तशी आहे. नाशिक जिल्ह्यातल्या चांदवड तालुक्यातले तळेगाव रोही हे त्यांचे गाव, पाण्यासाठी आभाळाकडे डोळे लावून बसणाऱ्या टापूतले. वडील विहिरी खणायच्या कामावर जात, मुलगाही त्यांच्याबरोबर राबला. २०११ मध्ये वडील वारले आणि घराचा भार विशीतच खांद्यावर आला. २०१२ मध्ये ते सैन्यात भरती झाले, खडकीच्या बॉम्बे इंजिनिअर ग्रुपमध्ये आले आणि तिथे शर्यतीच्या होडीशी त्यांची गाठ पडली. चार वर्षांनी, एप्रिल २०१६ मध्ये, दक्षिण कोरियातल्या चुंगजूच्या पात्रता स्पर्धेत त्यांनी रौप्यपदक मिळवले आणि रिओ ऑलिंपिकला गेलेले ते भारताचे एकमेव रोइंगपटू ठरले. एवढे सगळे समोर असताना जिद्दीच्या वाक्यावर आक्षेप घेणे कुणाला कद्रूपणाचे वाटेल. तरीही तो घेतला पाहिजे. या माणसाच्या कारकिर्दीचे वर्णन म्हणून ते वाक्य अपुरे आहे, धर्मविचार म्हणून ते चुकीचे आहे, आणि ज्यांच्या पदरात यश पडले नाही त्यांच्या बाबतीत ते निर्दय आहे. अशक्य काहीच नसेल, तर जो पोचला नाही त्याचीच जिद्द कमी पडली, असा त्याचा सरळ अर्थ निघतो. चांदवड तालुक्यात विहिरी खणणारे हात थोडे नाहीत. त्या सगळ्यांनी कष्टात कसूर केली, असे म्हणायची आपली तयारी आहे का?

हा प्रश्न वसईच्या किनाऱ्यावर, भुईगावसारख्या ठिकाणी मांडून पाहावा. सुरूची झाडे, ओहोटीला लांबवर उघडी पडणारी वाळू, आतल्या बाजूला वाड्या आणि विहिरी. शेजारच्या निर्मळला एका शंकराचार्यांचे समाधिमंदिर आहे, कार्तिकात तिथे मोठी जत्रा भरते. त्याच निर्मळमध्ये होली क्रॉस चर्च आहे. या पट्ट्यातले हिंदू आणि ख्रिस्ती शेजारी एकाच मातीत राबतात, एकाच बाजारात भाजी विकतात, आणि पीक साधले की एक जण दैवाचे नाव घेतो, दुसरा देवाच्या कृपेचे. दोघेही आळशी नाहीत. दिवसभर खपूनच ते हे म्हणतात. शिकलेल्या माणसाला हे बोलणे भाबडे वाटते, कारण स्वतःच्या कर्तबगारीवर त्याचा विश्वास असतो. माझा दावा असा आहे की यशाचा हिशेब मांडताना वाडीतल्या या माणसांची समजूत सत्काराच्या भाषणापेक्षा अधिक काटेकोर आहे, आणि वल्हेकऱ्याची कारकीर्द हा त्याचा चांगला पुरावा आहे.

गीतेच्या अठराव्या अध्यायात कोणतेही कर्म सिद्धीस जायला पाच कारणे लागतात असे सांगितले आहे: अधिष्ठान, कर्ता, निरनिराळी साधने, नाना प्रकारच्या हालचाली, आणि पाचवे दैव. पुढच्याच श्लोकात ही पाचही कारणे बऱ्या कर्माला आणि वाईट कर्मालाही लागू केली आहेत. त्यानंतर एक कडक निवाडा येतो. हे सगळे असताना जो केवळ स्वतःला कर्ता समजतो, त्याची बुद्धी संस्कारलेली नाही, त्याला नीट दिसत नाही. इथे कर्त्याला हाकलून दिलेले नाही, हे लक्षात घ्यावे. तो यादीत दुसरा आहेच. त्याच्या हालचालींना, म्हणजे कष्टाला, स्वतंत्र चौथी जागा आहे. नाकारला आहे तो फक्त त्याचा एकट्याचा मालकी हक्क.

आता ही यादी भोकनळांच्या कारकिर्दीला लावून पाहू. अधिष्ठानाचा अर्थ भाष्यकार देह असा घेतात. रोइंगमध्ये देहाची उंची हे भांडवल असते. लांब हातापायांच्या माणसाचे वल्हे पाण्यातून लांबचा पल्ला कापते. सहा फुटांहून उंच असलेल्या भोकनळांनी ही उंची जिद्दीने कमावलेली नाही. साधने म्हणजे भाष्यकारांच्या मते इंद्रिये, पण साधनांचा विचार देहाच्या सीमेवर थांबवण्याचे कारण नाही. भोकनळांच्या प्रकारातली, म्हणजे एकट्याने दोन वल्ह्यांनी चालवायच्या एकेरी स्कलची होडी आठ मीटरच्या आसपास लांब, जेमतेम फूटभर रुंद, आणि वजनाला चौदा किलो. वल्ही हातातून सुटली तर ती उलटते. भुईगावच्या लाटेत ती क्षणभर टिकणार नाही. तिला लागते अडवलेले, निवांत पाणी, सरळ दोन किलोमीटरची धाव, काठाने सायकलवरून ओरडत जाणारा प्रशिक्षक, पोटभर सकस जेवण आणि पगाराची चिंता नसलेली सकाळ. पुण्यात हे सगळे सैन्याने उभे केले आहे. म्हणून भारताच्या ऑलिंपिक रोइंगपटूंची गावे पाहिली की पहिल्यांदा नवल वाटते आणि मग उलगडा होतो. २००८ चे बजरंगलाल ताखर राजस्थानचे, २०१२ चे स्वर्ण सिंग पंजाबचे, २०२४ चे बलराज पन्वर हरियाणाचे. या राज्यांना समुद्र नाही. वसईकडच्या पाचूबंदर, नायगाव, अर्नाळा इथल्या कोळ्यांच्या पिढ्यान्पिढ्या पाण्यावर गेल्या, हातांना वल्ह्याची सवय उपजत असावी अशी ही माणसे. पण महाराष्ट्राचा ऑलिंपिक वल्हेकरी आला तो विहीर आटणाऱ्या तालुक्यातून, फौजेच्या दारातून. समुद्र जवळ असणे हे साधन ठरले नाही. भरतीच्या रांगेतून एका विशिष्ट रेजिमेंटमध्ये जाणे हे ठरले. त्या रांगेत त्यांच्यासारखीच गरज आणि तितकीच तडफ घेऊन उभे असलेले किती तरुण दुसऱ्या केंद्रात गेले असतील. त्यांना आपण ओळखत नाही, आणि जिद्दीच्या वाक्यात त्यांना जागाच नाही.

पाचव्या कारणाबद्दल मात्र जरा थांबून बोलायला हवे, कारण सुशिक्षित वाचक दचकतो तो तिथेच. रिओला पहिल्या दिवशी, ६ ऑगस्टला, लागोआ सरोवराच्या पाण्यावर वारा होता आणि पाणी खवळलेले होते. दुसऱ्या दिवशीच्या शर्यती तर वाऱ्यामुळे रद्दच कराव्या लागल्या. पहिल्या फेरीत भोकनळांना दोन हजार मीटरला ७ मिनिटे २१.६७ सेकंद लागले. उपांत्यपूर्व फेरीत वेळ ६ मिनिटे ५९.८९ सेकंद होती, पण चौथा क्रमांक आला आणि पदकाची वाट तिथे बंद झाली. शेवटी क गटाच्या अंतिम शर्यतीत ते ६ मिनिटे ५४.९६ सेकंदांत पहिले आले, म्हणजे एकूण क्रमवारीत तेरावे. तोच माणूस, तीच होडी, तेच अंतर, एकाच आठवड्यातले दिवस, आणि पहिल्या व शेवटच्या वेळेत फरक २६.७१ सेकंदांचा. ऑलिंपिकच्या पातळीवर हा फरक अवाढव्य असतो. आठवडाभरात जिद्द सव्वीस सेकंदांनी वाढली असे कुणी म्हणणार नाही. या खेळाच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनेही हे केव्हाच ओळखले आहे. रोइंगमध्ये अधिकृत विश्वविक्रम नसतात. नोंद होते ती फक्त सर्वोत्तम वेळेची, कारण वारा आणि पाणी दर वेळी वेगळे असतात आणि त्यांचा वाटा खेळाडूच्या नावावर लिहिणे प्रामाणिकपणाचे नाही. त्याच स्पर्धेत एकेरी स्कल्सच्या सुवर्णपदकाचा निकाल न्यूझीलंडचे माहे ड्रायस्डेल आणि क्रोएशियाचे दामिर मार्टिन यांच्यात लागला तेव्हा दोघांचीही वेळ ६ मिनिटे ४१.३४ सेकंद अशी एकसारखी होती. छायाचित्र तपासून सुवर्ण एकाला, रौप्य दुसऱ्याला दिले गेले. मार्टिन यांच्या कष्टात नेमके काय उणे होते ते कुणी सांगावे. सेकंदाच्या शंभराव्या हिश्शापर्यंत मोजणाऱ्या घड्याळालाही जे सापडले नाही, ते आपल्या भाषणांना कसे सापडते?

यावर पहिला आक्षेप ठरलेला आहे: दैवाला असे घरात घेतले की माणूस हातपाय गाळून बसतो. आपल्या समाजाने दैववादाची किंमत भरपूर मोजली आहे, हे मला मान्य आहे, आणि दासबोधात समर्थ रामदासांनी यत्नाला थेट देवाच्या जागी बसवले त्यामागे हीच तळमळ होती. पण दैववाद म्हणजे पाचातले एक कारण उचलून बाकीची चार गिळून टाकणे. जिद्दवादही तेच करतो, फक्त त्याने उचललेले कारण वेगळे असते. कर्मयोगाचा एवढा कैवार घेणाऱ्या लोकमान्य टिळकांना १९१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘गीतारहस्या’त गीतेचे हे श्लोक अडचणीचे वाटले नाहीत. कर्म करावे ही शिकवण आणि फळ आपल्या एकट्याच्या हाती नाही ही शिकवण एकाच ग्रंथात आहेत, आणि दुसरी नसेल तर पहिली फार काळ टिकत नाही. क गटाच्या अंतिम शर्यतीत पदक नसते, व्यासपीठ नसते, राष्ट्रगीत नसते. बारावा क्रमांकही तिथून मिळू शकत नाही. भोकनळांची त्या आठवड्यातली सर्वात वेगवान शर्यत नेमकी ती आहे. फळावरच ज्याचा डोळा असेल त्याला अशा शर्यतीत जीव ओतण्याचे कारण सापडणार नाही.

वल्हवण्याच्या क्रियेतच याचा एक दाखला आहे, आणि तो बाहेरून पाहणाऱ्याला दिसत नाही. वल्ह्याचे पाते पाण्यात बुडवायचे, पायांनी फळीला रेटा द्यायचा, पाठ आणि शेवटी हात ओढायचे, पाते बाहेर काढायचे: एवढ्यात होडीला गती मिळते. पण होडी सर्वात वेगाने धावते ती या रेट्याच्या वेळी नव्हे. पाते पाण्याबाहेर आल्यावर, खेळाडू सरकत्या बैठकीवरून पुढच्या फटक्यासाठी गुडघे दुमडत परत येत असतो, त्या वेळात होडीचा वेग टिपेला पोचतो. तेव्हा पाण्यावर त्याचा कोणताही जोर चाललेला नसतो. उतावीळ होऊन त्याने अंग झोकले तर होडी चालता चालता अडखळते आणि कमावलेली गती तो स्वतःच मोडतो. म्हणून नवशिक्याला जोर लावायला शिकवणे त्या मानाने सोपे असते. पाणी होडीला नेत असताना मध्ये न येणे शिकवायला वर्षे लागतात. रेट्याशिवाय ही धाव नाही, आणि रेटाच सर्वस्व मानणाऱ्याची होडीही पुढे जात नाही. यत्न आणि कृपा यांच्यात वाटणीचे भांडण आहे असे ज्यांना वाटते, त्यांनी एकेक फटका लक्ष देऊन पाहावा.

ख्रिस्ती परंपरेतही हे भांडण नाही, आणि ते एका पत्रापुरतेच दाखवता येते. संत पौलाचे करिंथकरांना लिहिलेले पहिले पत्र ज्या शहराला गेले, त्याच्या शेजारीच इस्थमियाचे प्रसिद्ध खेळ भरत. नवव्या अध्यायात तो मल्लांचे आणि धावपटूंचे उदाहरण घेतो, नाशवंत मुकुटासाठी ते देहाला किती कठोर शिस्त लावतात ते सांगतो आणि स्वतःलाही तीच शिस्त लावतो. पत्राच्या शेवटाकडे, पंधराव्या अध्यायात, तो म्हणतो की इतर सर्वांपेक्षा मी अधिक श्रम केले, आणि लगेच पुढे, ते श्रम माझे नव्हते, देवाच्या कृपेचे होते. त्याच पत्रात आधी लावणारा कोण, पाणी घालणारा कोण आणि वाढवणारा कोण याचाही त्याने निवाडा केला आहे. श्रम खोटे होते असे पौल कुठेही म्हणत नाही; उलट त्यांची बढाई वाटावी इतके ठणकावून सांगतो. निर्मळच्या मंदिराशी ज्यांचे नाव जोडले आहे त्या शंकराचार्यांच्या परंपरेत पाचव्या कारणाचा अर्थ आंधळे नशीब असा लावलेलाच नाही. डोळ्याला सूर्य, तशा प्रत्येक इंद्रियावर अनुग्रह करणाऱ्या देवता म्हणजे दैव, असे भाष्यात म्हटले आहे. डोळा कितीही तीक्ष्ण असो, उजेड त्याला बाहेरूनच मिळावा लागतो. मराठी संतांनी हीच गोष्ट जगून दाखवली. ज्ञानदेवांनी आपल्या ग्रंथाचे श्रेय निवृत्तिनाथांना दिले, तुकोबांनी आपल्या वाणीचे धनी पांडुरंगाला केले, आणि तरी दोघांच्या शब्दांवरची मेहनत कुणाच्याही नजरेतून सुटत नाही.

जाणकार वाचक इथे मला अडवेल. गीतेचा तो संदर्भ आत्मा अकर्ता आहे हे सांगण्यासाठी आहे, मोक्षमार्गाचा आहे. त्याला क्रीडाक्षेत्राच्या कारणमीमांसेत ओढणे योग्य नाही. आणि दुसरा, निधर्मी बाण्याचा वाचक म्हणेल की उंची म्हणजे आनुवंशिकता, साधने म्हणजे सैन्याचा खर्च, वारा म्हणजे हवामान. या सगळ्याला देवाचे नाव कशाला? पहिल्याला उत्तर असे की श्लोकात शरीराने, वाणीने, मनाने आरंभलेले प्रत्येक कर्म असा उल्लेख आहे. वल्हवणे त्याला अपवाद होत नाही. मोक्षाचा विचारही रोजच्या कर्माचे स्वरूप नीट पाहण्यापासूनच सुरू होतो. दुसऱ्याचे म्हणणे मी बरेचसे मान्य करतो. त्याची कारणांची यादी आणि गीतेची यादी जवळपास एकच आहे, आणि जिद्दीच्या वाक्याविरुद्ध तो माझ्याच बाजूला उभा आहे. पण कारणे मोजून झाल्यावरही एक प्रश्न उरतो, तो कर्त्याचा असतो: जे माझ्याकडे बाहेरून आले त्याच्याशी माझे नाते काय? आनुवंशिकतेचे आभार मानता येत नाहीत आणि हवामानाचे ऋण फेडता येत नाही. मिळालेले हे देणे आहे असे मानणारा माणूस ते पुढे कुणाला तरी देणे लागतो. धर्माने हिशेबात घातलेली भर ही आहे, आणि ती मला महत्त्वाची वाटते.

श्रेय असे वाटले की खेळाडूच्या वाट्याला काय उरणार, ही शंकाही रास्त आहे. तिचे उत्तर २०१८ च्या आशियाई स्पर्धेत पालेम्बांगला मिळाले. एकेरी स्कल्सच्या अंतिम शर्यतीत भोकनळ सहावे, म्हणजे शेवटचे आले. प्रकृतीने साथ दिली नाही, वेळ लागली ८ मिनिटे २८.५६ सेकंद. दुसऱ्याच दिवशी ते स्वर्ण सिंग, ओम प्रकाश आणि सुखमीत सिंग यांच्यासोबत चौघांच्या होडीत बसले आणि ६ मिनिटे १७.१३ सेकंदांत भारताने सुवर्ण जिंकले. एका रात्रीत एका माणसाचे चारित्र्य पालटत नाही. बदलले ते सोबतचे हात. त्या होडीत कुणाच्या जोराने किती मीटर कापले गेले हे वेगळे काढता येत नाही, कारण एकाचा फटका दुसऱ्याच्या फटक्यात मिसळला तरच होडी सरळ जाते. आणि पदके देताना सुवर्णाचे चार तुकडे केले नाहीत. प्रत्येकाच्या गळ्यात अख्खे पदक आले. श्रेयाची जात अशी आहे की ते वाटून घटत नाही. २०२० चा अर्जुन पुरस्कार भोकनळांना मिळाला तो योग्यच होता, आणि त्यातला एक कणही त्यांच्या सहकाऱ्यांकडून हिरावून आलेला नव्हता.

सर्वात अवघड आक्षेप मी शेवटी ठेवला आहे. उंची, रेजिमेंट आणि शांत पाणी जर कृपा, तर वडिलांचा अकाली मृत्यू काय? रिओच्या आधीच्या काही महिन्यांत आईच्या डोक्याला अपघातात गंभीर इजा झाली आणि मुलगा ऑलिंपिकला पात्र ठरला तेव्हा त्याचा आनंद समजण्याच्या अवस्थेत ती नव्हती; ते काय? सत्काराच्या भाषणाकडे याचेही उत्तर तयार असते: दुःखानेच त्यांना घडवले, देव परीक्षा पाहतो. हे उत्तर मला सहन होत नाही. एका बाईची जखम दुसऱ्याच्या तेराव्या क्रमांकाची किंमत म्हणून लावणे हा देवावरही आरोप आहे आणि त्या बाईचाही अपमान आहे. बायबलमधल्या ईयोबाच्या पुस्तकात त्याचे मित्र असाच ताळेबंद घेऊन येतात, प्रत्येक दुःखासमोर एकेक कारण मांडतात, आणि शेवटी देवाचा राग ओढवतो तो त्या मित्रांवर, तक्रार करणाऱ्या ईयोबावर नाही. गीतेनेही पाच कारणे सांगितली आहेत, पाच उद्देश सांगितलेले नाहीत. वारा शर्यतीला कारण होतो, पण कुणाला धडा शिकवायला तो सुटलेला नसतो. मिळालेल्या चांगल्याबद्दल कृपा मानणे आणि झालेल्या वाईटाचा अर्थ लावायला नकार देणे यात तर्काची विसंगती आहे असे कुणी म्हणेल. ती मी लपवत नाही. पण ही विसंगती घेऊन जगणारा श्रद्धावान माणूस, दुःखाला शिडी समजणाऱ्यापेक्षा मला अधिक खरा वाटतो, कारण तो निदान दुसऱ्याच्या वेदनेचा उपयोग करून घेत नाही.

याचा परिणाम आपल्या बोलण्यावर व्हायला हवा, विशेषतः हरलेल्यांशी बोलताना. भुईगावचा किंवा तळेगाव रोहीचा एखादा मुलगा भरतीच्या मैदानावरून परत येतो, कारण फूटपट्टीने त्याला उंचीत कमी ठरवलेले असते. एखादी मुलगी निवडचाचणीत वाऱ्याच्या बाजूच्या लेनमध्ये सापडते आणि सेकंदाने मागे पडते. त्यांना जिद्द वाढवायला सांगणे म्हणजे जे त्यांच्या हातात कधीच नव्हते त्याचा जाब त्यांना विचारणे. पाचातली दोन कारणे, कर्ता आणि त्याचे कष्ट, त्यांनी पुरवली होती. एक जन्माने ठरले, एक देवाच्या हाती होते. उरले साधन: होडी, पाणी, शिकवणारा माणूस, सकाळचे जेवण. समुद्राकाठच्या वसई तालुक्यात रोइंग शिकू पाहणाऱ्या मुलाला ते आज कुठे मिळते, हा प्रश्न त्या मुलाला विचारण्यासारखा नाही. तो वसई-विरारच्या महापालिकेला, शाळांना, चर्चच्या आणि देवस्थानांच्या विश्वस्तांना विचारायचा आहे, आणि सत्काराच्या व्यासपीठावर बहुधा तेच बसलेले असतात.